नऊ कोटांच्या चिठ्ठ्या

लाँड्रीवाल्याचा उजवा हात प्लास्टरमध्ये गेला तो काही मोठ्या पराक्रमाने नव्हे. वरच्या दांडीवरचा हँगर काढायला तो स्टुलावर चढला, स्टुलाने ऐनवेळी अंग काढून घेतलं, आणि डावीकडे धुतलेल्या पडद्यांचा मऊ ढीग असताना तो उजवीकडे फरशीवर पडला.

“पडायचं तर निदान बघून पडावं माणसाने,” त्याची थोरली बहीण म्हणाली. गेली सतरा वर्षं ती त्याच्या दुकानात इस्त्री करत होती आणि लोकांच्या कपड्यांबरोबर भावालाही सरळ करत होती.

हातावाचून तसं फार अडलं नसतं. मशीन बटणावर फिरतं, वाफ नळीतून येते. अडलं ते चिठ्ठ्यांपाशी. दुकानात आलेल्या प्रत्येक कपड्याला एक कापडी चिठ्ठी टाचलेली असे आणि तिच्यावर न पुसणाऱ्या शाईने आकडा आणि खूण लिहिलेली असे. तोच मजकूर कागदावर उतरवून तो गिऱ्हाइकाच्या हातात दिला जाई. खूण म्हणजे ‘निळा शर्ट, खिशावर डाग’ किंवा ‘पँट, एक पाय आखूड’. लाँड्रीवाल्याने जन्मात एवढंच साहित्य लिहिलं होतं आणि त्याहून जास्त कशाची गरज त्याला कधी वाटली नव्हती.

“मी लिहिते की,” त्याची मुलगी म्हणाली.

ती नऊ वर्षांची होती. तिच्या तोंडाला विश्रांती नसे, म्हणून सगळे तिला टकळी म्हणत. शाळेला सुट्टी लागली होती, आई दिवसभर टपाल कचेरीत असायची, तेव्हा टकळीचा मुक्काम दुकानात असे. धुलाई मशीनच्या गोल काचेला नाक लावून ती आतल्या बातम्या देई. “आत्या, तुझ्या चादरीने टेबलक्लॉथला धक्का मारला. आता तो रुसलाय. आता दोघं गळ्यात गळे घालून फिरतायत.” आत्याची इस्त्री म्हणजे बोट होती, शर्टाची बाही म्हणजे खाडी. “बोट बंदरात शिरतेय! सावकाश, कप्तान, पुढे बटणांचे खडक आहेत!”

“गप्प बस गं!” आत्या ओरडायची. पण बटणांपाशी आल्यावर तिचा हात आपसूक हलका व्हायचा. लाँड्रीवाल्याने हे पाहिलं होतं. बोलला मात्र नव्हता. त्याला ताईबरोबर आणखी सतरा वर्षं काढायची होती.

“पोरीला शिवणवर्गात घाल,” आत्याचा रोजचा घोष होता. “हात कामात अडकले की तोंड बंद होतं.”

“बघू,” लाँड्रीवाला रोज म्हणायचा. ती दुकानात नसलेले दिवस त्याला ठाऊक होते. तेव्हा मशीनमध्ये नुसते कपडे फिरत.

तर त्याने टकळीच्या हाती लेखणी दिली. “अक्षर नीट काढ. आणि कपडा ओळखता येईल असं लिही, म्हणजे झालं.” हे वाक्य त्याने पुढे कितीदा तरी आठवून उलटंपालटं करून पाहिलं. त्यात खोट अशी सापडेना.

आठवडाभर सगळं सुरळीत चाललं. गिऱ्हाइकं कागद हातात घेऊन जरा जास्त वेळ रेंगाळत, एकदोघं दारात थांबून हसतही. धंदा बरा चाललाय, एवढाच अर्थ लाँड्रीवाल्याने काढला.

गुरुवारी वाद्यवृंदाचे नऊ काळे कोट आले. हे त्याचं सगळ्यात जुनं आणि सगळ्यात मोठं गिऱ्हाईक. एका शिंप्याने एकाच ताग्यातून, तीनच मापांत शिवलेले कोट. धुऊन वाफेखालून निघाले की नऊच्या नऊ सख्खे भाऊ. कोणता कोट कोणाचा, हे फक्त आकड्यावरून कळे. एक ते नऊची यादी सभागृहाच्या राखणदाराजवळ असे आणि कोट न्यायलाही तोच येई. त्या शनिवारी मात्र राखणदार भाचीकडे गावाला गेला होता. दुपारी चार वाजता वाद्यवृंदाचे नऊही जण आपले आपणच येऊन दुकानात उभे राहिले. सहाला कार्यक्रम.

“यादी आणलीय,” पुढचा म्हणाला. “एक नंबर काढा.”

लाँड्रीवाल्याने डाव्या हाताने पहिल्या कोटाची चिठ्ठी वर केली. आकडा नव्हता. दुसऱ्यावर नव्हता. तिसऱ्यावर जे होतं ते वाचून त्याने चिठ्ठी पुन्हा कोटाच्या आत सारली.

“टकळे, आकडे कुठायत?”

“आकड्याने काय ओळखणार, बाबा? वर्गात माझा एकोणतिसावा नंबर आहे. एकोणतीस म्हटल्यावर तुम्हाला मी दिसते का?”

याला उत्तर दिलं ते आत्याने. इस्त्री तिने स्टँडवर ठोकून उभी केली. “सांगत होते मी! आता ऐक. यातला एक कोट जरी दुसऱ्याच्या अंगावर गेला, तर सोमवारपासून ही शिवणवर्गात. आणि तू ‘बघू’ म्हणायचं नाही.”

टकळीने बाबांकडे पाहिलं. बाबांनी कोटांकडे पाहिलं. आता जे काही व्हायचं ते या नऊ भावांच्या हातात होतं.

“चिठ्ठ्यांवर लिहिलंय तरी काय?” वादकांतला एक जाडसर गृहस्थ पुढे झाला आणि कोणी अडवायच्या आत त्याने मोठ्याने वाचलं, “‘वादळातून घरी आलेला आणि कोणाला काही न सांगणारा कोट.’” त्याने मान डोलावली. “हा माझा.”

“तुझा कसा?” मागून एक लुकडा सरसावला. “माझं आयुष्य तुला माहीत नाही.”

“काल बसमध्ये तासभर तेच तर सांगत होतास!”

“अहो, बाजूला व्हा, तो माझा आहे,” तिसरा म्हणाला. तोपर्यंत त्याने एक बाही घातलीही होती.

पुढची चिठ्ठी होती, ‘जेवण झाल्यावर भिंतीला टेकणारा कोट’. या कोटावर कोणीच हक्क सांगेना. दुकानात एकदम शिस्त आली. सगळे छताकडे, पंख्याकडे, आत्याकडे बघू लागले. मग आठ जणांच्या नजरा हळूहळू जाडसर गृहस्थावर येऊन टेकल्या. तो मोठा ढोल वाजवायचा, म्हणजे पाऊण तास बसून राहायचा आणि शेवटी चारदा वाजवायचा.

“मी टेकत नाही,” तो म्हणाला. “मी मोजत असतो.”

“घोरत मोजतोस.”

त्याने कोट उलटा करून पाहिला. पाठीवर, दोन्ही खांद्यांच्या मधोमध, कापड चकचकीत झिजलं होतं. त्याने तो अंगात चढवला. माप बरोबर बसलं.

आणि लाँड्रीवाल्याच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. पोरीने मनचं काही लिहिलंच नव्हतं. ‘डाव्या कानात कोणीतरी सतत कुजबुजणारा कोट’ त्याने हातात घेतला, तर कॉलरची डावी बाजू गुळगुळीत झिजलेली. व्हायोलिन! ‘मोठ्या माणसाला मिठी मारून मारून दमलेला कोट’, याची छाती आणि मांड्यांवरचा घेर विरलेला. गुडघ्यांत धरायचं ते थोरलं तंतुवाद्य! ही सगळी झीज तो वर्षानुवर्षं पाहत आला होता. त्याच्या लेखी ती ‘विरलं आहे, जबाबदारी नाही’ एवढीच होती.

“थांबा,” तो म्हणाला. त्याचा आवाज एरवीपेक्षा मोठा निघाला, त्यामुळे तोच दचकला. “टकळे, तू वाच. मी झीज दाखवतो. ज्याची त्याने घ्या.”

मग काय विचारता! टकळी स्टुलावर चढली. बाबांना पाडणाऱ्याच स्टुलावर, म्हणून आत्याने शिव्या देत ते धरून ठेवलं. “‘गाल फुगवून रुसलेला कोट!’” तुतारीवाला आपण होऊन पुढे आला, कारण बटणांच्या ताणलेल्या काजांवरून वाद घालण्यासारखं काही नव्हतं. “‘बसण्याआधी परवानगी विचारणारा कोट!’” बासरीवाला लाजला आणि “घेऊ ना?” असं विचारून त्याने तो घेतला, त्यावर एवढा हशा झाला की रस्त्यावरचे दोघं आत डोकावले. वादळातून आलेल्या कोटाची भानगडही मिटली. त्याचा उजवा खिसा फाटून पुन्हा शिवलेला होता, आणि खिशात मूठ आवळून उभा राहणारा माणूस त्या नवांत एकच होता. त्याने कोट घेतला आणि खरोखरच कोणाला काही सांगितलं नाही.

आठ कोट गेले. नववा हँगरवर राहिला. त्याच्या चिठ्ठीवर काहीच नव्हतं.

“हा माझा,” मागून आवाज आला. वाद्यवृंदाचे संचालक. इतका वेळ ते दारापाशी हातातली छडी पायावर आपटत उभे होते. हसले नव्हते. “माझ्याबद्दल लिहिण्यासारखं काही सापडलं नाही वाटतं?”

“मी खूप वेळ बघितलं,” टकळी खाली मान घालून म्हणाली. “तो काही बोललाच नाही.”

“मग चिठ्ठीशिवाय मी तो नेणार नाही. माझ्या लोकांना मिळाल्या, मलाही हवी. नाहीतर पुढच्या खेपेला आम्ही आमचे आकडे घेऊन दुसरं दुकान बघतो.”

आत्याने भावाकडे पाहिलं. त्या नजरेत शिवणवर्ग अख्खा होता, सुईदोऱ्यासकट.

लाँड्रीवाल्याने कोट काउंटरवर पसरला. डाव्या हाताने तो शिवणींवरून चाचपडत गेला. उजव्या काखेपाशी थांबला. ही शिवण त्याने स्वतः तीनदा घातली होती. तीनदा ती उसवली होती. डावी काख मात्र नव्यासारखी.

“लिही,” तो म्हणाला.

टकळीने लेखणी उचलली. लाँड्रीवाल्याच्या कपाळावर घाम आला. ‘उजवी काख उसवलेली’ एवढंच त्याच्या जिभेवर येत होतं आणि ते त्याने दोनदा गिळलं.

“वर्गात,” तो शेवटी म्हणाला, “उत्तर येत असतं, म्हणून हात वर करून बसलेला, आणि... आणि बाई कधी विचारतच नाहीत, असा एक कोट.”

संचालकांनी छडी खाली ठेवली. उजवा हात उचलून त्यांनी आपल्या काखेकडे असं पाहिलं, जणू तिथे कोणाचं तरी पत्र अडकलं होतं. मग कोट अंगात घातला आणि लाँड्रीवाल्याच्या प्लास्टरवर दोन बोटं हलकेच टेकवली.

“पुढच्या गुरुवारी पडदे पाठवतो,” ते म्हणाले. “सभागृहाचे. मुलीला म्हणावं, बघून ठेव.”

सगळे गेल्यावर आत्याने इस्त्री पुन्हा हाती घेतली. बराच वेळ ती एकाच शर्टावर फिरत राहिली.

“त्या शिवणवर्गात म्हणे जागा नाही या महिन्यात,” ती इस्त्रीकडे बघत म्हणाली.

“तू विचारलंस कधी?”

“आता काय प्रत्येक गोष्ट तुला सांगून करू का?”

लाँड्रीवाला खुर्चीत बसला. आपल्या तोंडून मघाशी काय निघालं याची त्याला अजून धाकधूक वाटत होती. टकळीने संचालकांच्या चिठ्ठीची कागदावरची नक्कल त्याच्यापुढे धरली. ती गडबडीत इथेच राहिली होती.

“बरं होतं का गं?” त्याने शक्य तितक्या सहज विचारलं.

टकळीने ती पुन्हा वाचली, ओठ हलवत, अगदी शेवटपर्यंत.

“छान आहे, बाबा,” ती म्हणाली. “फक्त ते दुसरं ‘आणि’ काढा. तिथे तुम्ही घाबरला होतात.”