तोफेच्या खोलीतले अप्पा

सकाळचे दहा वाजले होते आणि दीडशे माणसं समुद्राकडे पाठ करून वाळूत रांग लावून उभी होती. आमच्या किनाऱ्यावर युद्धाच्या काळात बांधलेल्या तोफांच्या काँक्रीटच्या खोल्या आहेत. आत ओल इतकी, की एरवी तिथे कुत्रंही बसत नाही. पण महिन्याभरापासून तिथल्या एका भिंतीतून मेलेले सैनिक बोलायला लागले होते. जिवंत माणूस काही सांगत असेल, तर त्याच्यासाठी असली रांग लागत नाही.

रांगेत चौथी माझी ताई. वय बहात्तर, रक्तातली साखर चारशे, पायाला न भरणारी जखम. आठ दिवसांपूर्वी भिंतीतून आमचे वडील, युद्धात ह्याच तोफांवर असलेले अप्पा, तिच्याशी बोलले होते : "पोरी, सुया टोचून घेऊ नकोस. तोफेचं पाणी पी." हे पाणी म्हणजे छतातल्या गंजक्या सळ्यांवरून ठिबकणारं तांबडं पाणी. ताईने इन्सुलिनच्या बाटल्या तोफेच्या खोलीच्या दारात औषधं टाकायला ठेवलेल्या खोक्यात टाकल्या आणि ते पाणी सुरू केलं. डॉक्टर म्हणाले, आणखी आठवडा असाच गेला तर पाय जाईल, आणि नुसत्या पायावर निभावलं तरी नशीब समजा.

"ताई, घरी चल," मी म्हणालो.

"तू गप्प बस. तू अप्पांना पाहिलंस तरी का?"

नव्हतं पाहिलं. अप्पा गेले तेव्हा मी आईच्या पोटात होतो आणि ताई सहा वर्षांची. त्यामुळे अप्पांच्या बाबतीत घरात तिचाच शब्द शेवटचा.

आत कॅप्टनबाबा उभे होते. गेल्या वर्षीपर्यंत हे गृहस्थ थिएटरच्या दारात तिकिटं फाडत. आता अंगात खाकी कोट होता.

"मंडळी, काँक्रीट म्हणजे काय? सिमेंट, वाळू आणि बलिदान! आत्म्याची लहर त्यात मुरते."

"लोणच्यासारखी?" मी विचारलं.

"शंकेखोर माणसाला आवाज ऐकू येत नाही," बाबा म्हणाले. मला मात्र स्वच्छ ऐकू येत होतं. भिंतीवर फुलांचा जाड हार होता आणि त्यामागून घोगरा आवाज आला : "मी तीन जहाजं बुडवली... छातीवर गोळी झेलली... पोरी, तू आलीस?"

ताईचे डोळे भरून आले आणि माझ्या डोक्यात तिडीक गेली. ह्या किनाऱ्यावर शत्रूचं जहाज कधी आलंच नाही. चार तोफा चार वर्षं समुद्राकडे बघत बसल्या आणि सरावाला लाकडी तराफ्यावर गोळे टाकत राहिल्या. अप्पा गेले न्यूमोनियाने, ह्याच ओलीत. औषध दोनदा मागवलं होतं. ते आलं अप्पा गेल्याच्या तिसऱ्या दिवशी. हे सगळं मला ताईनेच सांगितलेलं.

आणि आणखी एक गोष्ट तिनेच सांगितलेली. अप्पांचं काम ह्या भिंतीपाशी असे. वर टेकाडावरच्या खोलीतून टेहळ्या दुर्बिणीने बघायचा आणि पितळी नळीतून खाली हुकूम द्यायचा. आधी तो जोराने फुंकायचा, की खालच्या बुचातली शिट्टी वाजायची. अप्पा बूच काढून ऐकायचे आणि ऐकलेला शब्दन् शब्द परत म्हणायचे. खालूनही वर असंच चाले. परत म्हटलं नाही, तर हुकूम पोचलाच नाही असं धरत. रजेवर आले की बागेच्या पाइपाचा तुकडा घेऊन ताईशी हाच खेळ खेळत.

मी चाळीस वर्षं प्लंबर आहे. हारातल्या पाकळ्या वारा नसताना हलताना दिसल्या, की मला भूत आठवत नाही, पाइप आठवतो. वरच्या खोलीला नवं कोरं कुलूप होतं, तेही मी आदल्या दिवशी पाहून आलो होतो.

"ताई," मी हळूच म्हणालो, "अप्पा असतील तर परत म्हणायची कवायत विसरतील होय? विचार की."

ती थांबली. मग हारापाशी तोंड नेऊन लहान मुलीसारखी जोराने फुंकर मारून म्हणाली, "तोफ दोन. अंतर चार हजार."

भिंत गप्प.

"तोफ दोन. अंतर चार हजार. अप्पा, परत म्हणा ना!"

"पोरी... सुखी राहा," भिंत म्हणाली.

ताईचा चेहरा उतरला. बाबा लगबगीने पुढे आले. "आत्म्याला कसली कवायत, आजीबाई! आत्मा मुक्त असतो!"

"मग त्याला त्रास होणार नाही," मी म्हणालो. हार बाजूला केला. मागे हिरवट पडलेलं नळीचं तोंड होतं. पिशवीतून तुंबलेले नळ मोकळे करायचा हातपंप काढला, त्यात कपड्यांची नीळ भरली आणि दांडा दाबला.

"आई गं! डोळे गेले माझे! दाजी, मेलो!"

हा आवाज मुळीच घोगरा नव्हता. दोन मिनिटांनी टेकाडावरून बाबांचा मेहुणा धडपडत खाली आला, कपाळापासून गळ्यापर्यंत निळा. मी आधीच भरून ठेवलेल्या बादलीतल्या पाण्याने त्याचे डोळे धुतले. कॅप्टनबाबा तेवढ्यात कोट काढून निघाले होते. रांगेतल्या सगळ्यांनी नळी पाहिली, वर जाऊन स्टूल पाहिलं, त्यावरचा चहाचा कपही पाहिला. मग एकेक जण खोक्यातून आपापलं औषध शोधायला लागला.

ताई वाळूत बसली होती. "आवाज त्यांचा नव्हता हे मला कळायला हवं होतं," ती म्हणाली. "पण मला त्यांचा आवाज आठवतच नाही रे. कुणीतरी पोरी म्हणालं, तेवढ्यावर गेले मी."

मला रडू आलं आणि रागही आला. "ताई, औषध वेळेवर आलं नाही म्हणून गेलेला बाप लेकीला औषध सोड म्हणेल का?"

ती माझा हात धरून उठली.

तुम्हालाही सांगतो. भिंत बोलली तर जरूर ऐका. पण तिच्या सांगण्यावरून औषध टाकण्याआधी, नळीच्या दुसऱ्या टोकाला कोण बसलंय ते बघून या.

खोक्यात आठ दिवस उन्हाने खराब झालेल्या ताईच्या बाटल्या मी फेकून दिल्या आणि ताईला थेट दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी नवी बाटली दिली आणि किती युनिट टोचायचं ते सांगितलं. "सकाळी चौदा, संध्याकाळी आठ. जेवणाआधी."

ताई खुर्चीत ताठ बसली आणि म्हणाली, "सकाळी चौदा, संध्याकाळी आठ. जेवणाआधी."