देव्हाऱ्यात बसलेला डोंगल

मित्रांनो, बोटाच्या पेराएवढा, लाल अंगाचा आणि कोपऱ्यात टवका उडालेला मी एक डोंगल आहे. आता म्हातारा झालो आहे. संगणकाच्या पाठीमागच्या खाचेत बसायचे आणि भरतकामाच्या प्रोग्रॅमची राखण करायची, एवढेच माझे काम. मी खाचेत असलो तरच तो प्रोग्रॅम उघडतो. नसलो तर कितीही डोके आपटा, ढिम्म हलत नाही. मूर्ती लहान पण कीर्ती महान म्हणतात ना, तसा मी. फक्त ही कीर्ती फारशी कुणाला ठाऊक नव्हती, आणि त्यातूनच पुढचे सगळे रामायण घडले.

कासारवाडीत, स्टेशनाच्या अलीकडे, चिमाजींचे दुकान. कारखान्यांतल्या कामगारांच्या शर्टांवर, खिशाच्या वर, नावे भरून द्यायचे. भरतकामाचे मशीन आले तेव्हा प्रोग्रॅमबरोबर मीही आलो. चिमाजींनी मला स्वतःच्या हाताने खाचेत बसवले आणि म्हणाले, "आता हलायचं नाही, राव." मी खरोखरच हललो नाही.

प्रोग्रॅममधली मराठी अक्षरे चिमाजींना पसंत पडेनात. मग मशीन थांबले की ते संध्याकाळी पडद्यासमोर बसत आणि टाक्याला टाका जोडत आपल्या वळणाची अक्षरे काढत. हळूहळू सगळी साधली. एक ळ तेवढा सरळ उभा राहीना, डावीकडे कललेलाच राही. त्यांच्या पत्नी, यशोदाबाई, चहा ठेवता ठेवता हसत, "तुमचा ळ लई दमलेला दिसतोय. ओव्हरटाइम करून आला काय?"

"असू दे गं. शिफ्ट सुटल्यावर माणूस असाच उभा राहतो," चिमाजी म्हणत.

ते कललेले ळ काळ्यांच्या, शेळक्यांच्या, कांबळ्यांच्या छातीवर बसून पार चाकणपर्यंत कामाला जाऊ लागले. फार सुखाचे दिवस होते ते. मी अंधारात, जळमटांत असे, पण संध्याकाळी त्या दोघांचे बोलणे कानावर पडे आणि मला काही कमी वाटत नसे.

गेल्या वर्षी चिमाजी गेले. यशोदाबाईंनी दुकान बंद केले नाही. मशीनवर मिनल होती, ती हाताखालीच तयार झालेली मुलगी. मुलगा सुजित नोकरी सांभाळून संगणकाचे बघू लागला.

यंदा खंडेनवमीला कात्री, टेप, सुया, बॉबिनी सगळी पूजेला बसली. संगणक पुसता पुसता यशोदाबाईंच्या हाताला मी लागलो. "हे यांनी बसवलेलं," असे म्हणत त्यांनी मला ओढून काढले आणि पूजेत मांडले. हळद, कुंकू, वर झेंडूचे फूल! आयुष्यात पहिल्यांदा कुणी माझी पूजा करत होते. खोटे कशाला बोलू, मी फुशारून गेलो.

दुसऱ्या दिवशी दसऱ्याच्या मुहूर्तावर सुजितने नवा संगणक आणला, चिमाजींच्या अक्षरांच्या फाइली त्यात उतरवून घेतल्या आणि कुरकुरणारा जुना भंगारवाल्याला दिला. कात्री कामाला लागली, टेप गळ्यात गेली. माझे काम मात्र कुणालाच ठाऊक नव्हते. यशोदाबाईंनी मला दुकानातल्याच देव्हाऱ्यात, खंडोबाच्या टाकाशेजारी ठेवले.

आणि तिथून मी पुढचा तमाशा बघू लागलो. सुजितने नव्या संगणकावर प्रोग्रॅम इन्स्टॉल केला. पडद्यावर चित्र चमकले आणि विझले. त्याने प्रोग्रॅम काढून पुन्हा टाकला. संगणक बंद करून चालू केला. अँटिव्हायरस बंद केला, केबल बदलली, शेवटी पडद्यालाच दोन शिव्या हासडल्या. मी समोर बसून तळमळत होतो. मान मिळाला होता, पण तोंड कुठे होते मला?

चाकणच्या कंपनीचे दिवाळीचे शर्ट गठ्ठ्यांनी येऊन पडले होते. सुजित कंटाळून म्हणाला, "आई, आपण नवा प्रोग्रॅम घेऊ. त्यात तयार अक्षरं मिळतात."

"आन् यांची?"

"ती ह्या प्रोग्रॅमशिवाय उघडत नाहीत. सोडून द्यावी लागतील."

यशोदाबाई हातातल्या शर्टाची नुसतीच घडी घालत राहिल्या. मग म्हणाल्या, "आरं, त्यांच्या हातचं आता तेवढंच ऱ्हायलंय रं."

माझ्या अंगावरची हळद मला तेव्हा नकोशी झाली.

"दादा, प्रोग्रॅमवाल्यांना एक फोन तर लावा," मिनल म्हणाली. फोनवरच्या माणसाने पहिलाच प्रश्न केला: संगणकामागे लाल डोंगल लावला आहे का? सुजितचा चेहरा पडला. तो गाडी काढून थेट भंगारवाल्याकडे गेला आणि तोंड पाडून परत आला. जुना संगणक तिथे होता, पाठीमागची खाच मात्र रिकामी होती.

"गेलं, आई. सगळंच गेलं."

"काय गेलं ते तरी सांग."

"एवढंसं असतं, लाल. बाबांनी मागं लावलेलं."

यशोदाबाई थबकल्या. "कोपऱ्यात टवका उडालेलं?"

"तुला कसं माहीत?"

"आरं माझ्या कर्मा! त्याला मी रोज फूल वाहतीया की!"

काखेत कळसा आणि गावाला वळसा! मिनलला हसू आवरेना. सुजितने मला उचलून खाचेत बसवले. तरीही चित्र चमकले आणि विझले. माझ्या खाचेत जाणाऱ्या टोकात कुंकू गच्च बसले होते. मिनलने जुन्या टूथब्रशने मला हळूच साफ केले आणि पुन्हा लावले. सगळे श्वास रोखून बघत होते, मीसुद्धा. आणि प्रोग्रॅम उघडला.

गठ्ठ्यातला वरचा शर्ट नागसेन कांबळे यांचा होता. मिनलने नाव टाकले, सुई धावू लागली आणि शेवटी डावीकडे कललेला ळ शर्टावर उभा राहिला. यशोदाबाईंनी त्याच्यावरून बोट फिरवले. डोळ्यांना पदर लावत त्या म्हणाल्या, "आले गं कामावर."

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या पूजेचे तबक घेऊन माझ्याकडे आल्या. मला वाटले, आता पुन्हा उचलतात. पण त्यांनी कुंकवाला हात लावला नाही. संगणकामागे वाकून माझ्याजवळ एक फूल तेवढे ठेवले.

मित्रांनो, ज्याच्यावर माया आहे त्याला उगाच उचलून मखरात बसवू नका. तो कोणत्या कामाचा आहे, हे आधी जाणून घ्या, त्याची धूळ झटका आणि त्याला त्याच्या जागी राहू द्या. आम्हाला फुलाचा राग नाही. पण चिमाजींनी मला हलायचे नाही असे सांगितले होते, आणि मला अजून त्यांचेच ऐकायचे आहे.