डावीकडची नजर

ओदीलने आवाज बंद केला आणि पडद्यावर संपदाचे बाबा, नारायणराव, नुसतेच ओठ हलवू लागले.

"अगं, बाबा काय बोलतायत ते ऐक तरी," संपदा म्हणाली.

"मला मराठी कुठे येतं? आणि आवाज गेला की माणूस नीट दिसतो."

पॅरिसमध्ये चाळीस वर्षं सिनेमांचं संकलन करून ही बाई मुलीपाठोपाठ ऑकलंडला आली होती. कात्रीने फिल्म कापण्यापासून सुरुवात केलेली. अजूनही कुठलाही प्रसंग ती पहिल्यांदा आवाजाशिवायच बघायची. तिथल्या माउंट वेलिंग्टन भागातल्या स्टुडिओत संपदा तिची सहायक होती. आईबाबांच्या लग्नाला पन्नास वर्षं झाली म्हणून संपदाने बाबांची मुलाखत घेतली होती. शनिवारी ती पाहुण्यांना दाखवायची होती, आणि मंगळवारी सहा महिन्यांचा मुक्काम संपवून आईबाबा पुण्याला परत जाणार होते. तिथे घरात दोघंच.

"डावीकडे कोण बसलंय?" ओदीलने विचारलं.

"आई. का गं?"

"प्रत्येक उत्तराआधी ते तिच्याकडे बघतात. बघ. आता. हे पुन्हा."

"आईला विचारल्याशिवाय ते चहासुद्धा घेत नाहीत!" संपदा हसली. ओदील हसली नाही.

"एका नटाचं पाठांतर असंच जायला लागलं होतं. बायको कॅमेऱ्याशेजारी उभी राहून ओठांनी वाक्यं सांगायची. दोन सिनेमे मी त्याच्या नजरा कापल्या. मध्ये कप दाखवला, खिडकी दाखवली. कुणाला पत्ता लागला नाही. डॉक्टरलासुद्धा नाही." "फार सफाईने कापलं मी. नको होतं तसं करायला."

संपदाने आवाज चालू करून सगळं पुन्हा पाहिलं. पहिल्या नोकरीचं गाव, लग्नाची तारीख, सख्ख्या भावाचं नाव. दर वेळी आधी ती नजर, आणि मगच उत्तर.

मग घरीही तिला तेच दिसायला लागलं. बाबा फ्रिजसमोर थबकले, की आई लगेच म्हणायची, "चष्मा ना? टीव्हीवर आहे." सहा महिने हे डोळ्यांदेखत चाललं होतं आणि ही म्हणे एडिटर! आईला विचारायला तिची जीभ रेटेना. विचारलं की ते खरं होणार, याचीच तिला भीती वाटत होती. स्टुडिओत बसून तिने एकेक नजर कापून टाकली.

शनिवारी दुपारी संपदाच्या अवोन्डेलच्या घरात फिल्म संपली तेव्हा टाळ्यांचा कडकडाट झाला. आईने टाळ्या वाजवल्या नाहीत. ती स्वयंपाकघरात गेली. संपदा तिच्या मागोमाग गेली.

"एकदाही माझ्याकडे बघत नाहीत गं ते," आई हळूच म्हणाली. "किती ठिकाणी कापलंस?"

"सतरा."

आईच्या हातातला डाव पातेल्यातच राहिला.

"कधीपासून, आई?"

"गेल्या गणपतीपासून. तुला कळलं असतं तर तू आम्हाला परत जाऊ दिलं नसतंस. तिथलं घर त्यांना पाठ आहे गं. मी आहे की सांभाळायला."

बाहेरून शेजारच्या रमणकाकांचा चेष्टेखोर आवाज आला. "काय नारायणराव, एवढी झकास फिल्म केली तरी कुणी?"

"कुणी म्हणजे? आमच्या..."

पुढे काहीच ऐकू आलं नाही. दोघी दाराशी धावल्या. बाबांनी डावीकडे पाहिलं. आईची खुर्ची रिकामी होती. त्यांची नजर खोलीभर भिरभिरली आणि दारात उभ्या संपदावर येऊन थांबली. चेहरा ओळखीने उजळला, पण ओठ तसेच अर्धवट उघडे राहिले.

आवाज न करता, एकेक अक्षर सुटं करून, संपदाने ओठ हलवले. सं. प. दा.

"आमच्या संपदाने!" बाबा खणखणीत आवाजात म्हणाले. सगळे हसले.

आईने मागून संपदाचा दंड घट्ट धरला.

"तुझं नाव कधी अडलं नव्हतं गं," ती म्हणाली. "मंगळवारची तिकिटं रद्द कर."