अकरा नंबरच्या ब्लॉकची किंमत

मी मालाड पूर्वेचा एक ब्लॉक बोलतोय. दुसरा मजला, नंबर अकरा. एक खोली, एक स्वयंपाकघर, मोरी आणि पूर्वेला अरुंद गॅलरी. संडास आत. मी बांधून झालो तेव्हा, एक्क्याऐंशी साली, 'संडास आत आहे' हे सांगताना माणसांचा आवाज बदलत असे. चाळीतून येणारे लोक आधी तेच दार उघडून बघायचे आणि मग एकमेकांकडे बघून हसायचे. मला त्याचा फार अभिमान वाटे. आता तो अभिमान आठवला की वाईट वाटतं.

मला बघायला तिघं आली होती. सहदेव मसुरकर, कांदिवलीच्या औषधांच्या कारखान्यात फिटर. त्याची बायको वनमाला, कडेवर पोरगी नलिनी. आणि त्याची थोरली बहीण शेवंती. ही म्युनिसिपालिटीच्या इस्पितळात नर्स होती आणि तिथल्याच क्वार्टर्समध्ये राहायची. त्यांचे वडील गिरणीत होते. ते लवकर गेले, तेव्हा शेवंतीने नोकरी धरली आणि गावाहून भावाला आणून शिकवला. त्यात तिचं लग्न राहून गेलं. घरात तो विषय कोणी काढत नसे.

बिल्डरचा माणूस भाऊराव त्यांना खोल्या दाखवत होता. "किंमत ऐंशी हजार. पन्नास हजार कर्ज मिळेल. हप्ता पाचशे अडुसष्ट," तो म्हणाला. "साहेब, तुमच्या पगाराला हा हप्ता म्हणजे काहीच नाही."

सहदेवने मनातल्या मनात पगारातून पाचशे अडुसष्ट वजा केले. वनमालाने किराणा, दूध, पोरीचं औषध धरलं. जमत होतं. जेमतेम, पण जमत होतं. सगळा हिशोब महिन्याचा झाला. वीस वर्षांचे मिळून किती होतात, हे त्या दिवशी माझ्या चार भिंतींत कोणी विचारलं नाही. मीही कोरा होतो. मला तरी काय ठाऊक?

वरचे तीस हजार उभे करायचे होते. निम्मे सहदेवच्या फंडातून आणि वनमालाच्या बांगड्यांतून आले. उरलेले पंधरा हजार शेवंतीने दिले. म्हातारपणी स्वतःची एक खोली घ्यायची म्हणून तिने ते बाजूला टाकलेले होते.

"पाच-सहा वर्षांत कर्ज बरंचसं उतरेल," सहदेव म्हणाला. "तुझी खोली निघेल तेव्हा तुझे पैसे तुझ्या हातात, अक्का."

"अरे, मी कुठे मागतेय?" शेवंती म्हणाली आणि गॅलरीत जाऊन उभी राहिली. तिथून दिंडोशीच्या टेकड्या दिसतात. ती बराच वेळ बघत होती.

त्यांनी माझ्यात दूध उतू घालवलं त्याच्या आधीच माझे कागद कर्ज देणाऱ्या कंपनीच्या कपाटात गेले होते. म्हणजे माझ्यात माणूस निजण्याआधीच मी गहाण पडलो होतो. पण ते कोणाला बोचलं नाही. मला डिस्टेंपर लागला, मोरीला फरशी आली, दारावर पाटी लागली. आल्यागेल्याला सहदेव म्हणायचा, "आपला ब्लॉक." मी फुलून जायचो.

पाच वर्षं हप्ता चुकला नाही. नलिनीची शाळेची सहल चुकली, दोन मे महिने गावी जाणं चुकलं, सहदेवच्या दाढेचं काम राहिलं ते राहिलंच. पण हप्ता कधी चुकला नाही. शेवंती महिन्यातून एक रविवार यायची, माझ्या खिडकीखाली बसून मासे साफ करायची आणि संध्याकाळी क्वार्टर्सवर परत जायची. पैशांचा शब्द तिने काढला नाही.

मग शहाऐंशी साली दिंडोशीला सरकारी वसाहतीत खोल्या निघाल्या आणि शेवंतीचा नंबर लागला.

एरवी ती वॉर्डातली शहरी मराठी बोलायची, पण आतलं काही आलं की मालवणी सुटायची. त्या दिवशी दारातूनच म्हणाली, "सहदेवा, माझो नंबर लागलो रे." मग खाली बसली, पाणी प्याली आणि नीट सांगितलं. महिनाभरात रक्कम भरायची होती. तिच्याजवळचे आणि हे पंधरा हजार मिळून बरोबर जमत होतं. नाही भरले तर खोली पुढच्या नंबरवाल्याला जाणार होती.

"देतो," सहदेव म्हणाला. "त्यात काय."

त्याचा हिशोब सरळ होता. आजवर चौतीस हजार भरून झाले होते. पन्नासातून चौतीस गेले, सोळा राहिले. कारखान्याच्या पतपेढीने सांगितलं होतं की घराचं कर्ज एवढंच उरलंय असा दाखला आण, आम्ही पंधरा हजार देतो. तो दाखला आणायला तो एका शनिवारी कर्जाच्या ऑफिसात गेला.

दुपारी परत आला तो चपला न काढता आत आला आणि पाटावर बसला. वनमाला तांदूळ निवडत होती.

"काय झालं हो?"

"शेहेचाळीस हजार बाकी आहेत."

वनमालाला वाटलं, ऐकण्यात चूक झाली. "सोळा ना?"

"शेहेचाळीस." तो माझ्या भिंतीकडे बघत बोलत होता. "कारकुनाने समजावून सांगितलं. पहिली काही वर्षं हप्ता जवळजवळ सगळा व्याजातच जातो, म्हणे. पाच वर्षांत मुद्दल चार हजारसुद्धा उतरलं नाही. वीस वर्षं भरले की पन्नास हजारांचे एक लाख छत्तीस हजार होतात."

वनमालाचे हात सुपावरच थांबले.

"मी म्हटलं, हे आधी का नाही सांगितलंत? तो म्हणाला, तुम्ही हप्ता विचारलात, आम्ही हप्ता सांगितला. माणूस वाईट नव्हता गं. त्याने मला खुर्ची दिली. म्हणाला, पहिल्या महिन्यापासून शंभर रुपये जास्त टाकले असतेत तर आठ वर्षं आधी सुटला असतात."

शंभर रुपये. मला तेव्हा माझ्या अंगावरचा रंग आठवला. दुसऱ्या वर्षी खोलीला गुलाबी रंग दिला होता, पाहुण्यांना आवडावा म्हणून. खिडकीला नक्षीची जाळी आली होती, गॅलरीला वरचे पत्रे. सगळं माझ्यासाठी. आणि प्रत्येक वेळी मी खूश झालो होतो.

"वन्संना सांगा," वनमाला म्हणाली. "आजच जा आणि सांगा."

"सांगतो. आधी कुठून जमतात का बघू दे."

"अहो, त्यांना तरी दुसरीकडे बघायला वेळ मिळू दे."

"सांगतो म्हटलं ना."

तो खूप फिरला, हे खरं. पतपेढीने दाखला बघून नाही म्हटलं. पगार दोन कपाती सोसणार नाही, हे त्यांचंही बरोबर होतं. कारखान्यातल्या काशीरामने दोन हजार देऊ केले. गावचा चुलता म्हणाला, आंबा विकला की बघू. पुढच्या रविवारी शेवंती आली. नव्या खोलीसाठी तिने स्टोव्ह बघून ठेवला होता. एकटीला एकच बर्नर पुरे की दोन, असं वनमालाला विचारत होती. वनमाला नलिनीची वेणी सोडून पुन्हा घालू लागली. शेवंतीने मग भावाला विचारलं, "पैशांचं कसं काय?"

"ऑफिसात वेळ लागतोय," सहदेव म्हणाला. "शेवटच्या दिवसापर्यंत नक्की."

भिंतीला तोंड असतं तर मी त्या दिवशी बोललो असतो. वनमाला उठून स्वयंपाकघरात गेली आणि तिने नळ सोडला. भांडं मात्र खाली काही नव्हतं.

शेवटचा दिवस आला. शेवंतीने इस्पितळातून रजा काढली होती. सकाळीच आली. इस्त्रीचं पातळ, हातात पर्स. सहदेवने दुपारी येऊन तिच्याबरोबर पैसे भरायला जायचं असं ठरलं होतं. ती माझ्या गॅलरीत खुर्ची टाकून रस्त्याकडे बघत बसली. वनमालाने जेवायला बोलावलं, तर म्हणाली, "सहदेव येऊ दे, एकत्र बसू."

सहदेव आला नाही. त्याने कारखान्यात आपणहून दुसऱ्याची पाळी मागून घेतली होती. ते वनमालाला सकाळीच ठाऊक होतं आणि शेवंतीला सांगायचं तिला धाडस झालं नाही. दुपार टळली. सरकारी कचेऱ्या बंद व्हायची वेळ झाली तेव्हा शेवंतीने पर्स मांडीवरून खाली ठेवली. एवढंच केलं. ती रडली असती तर मला सोसवलं असतं.

सहदेव दिवेलागण झाल्यावर आला. ती अजून गॅलरीतच होती. त्याने आत यायच्या आधीच बोलायला सुरुवात केली, भराभर, ऑफिस, व्याज, शेहेचाळीस हजार, पतपेढी, सगळं एका दमात. तिने पुरतं ऐकून घेतलं.

"ह्यां तुका कधी कळला?" तिने विचारलं.

"दोन-तीन आठवडे झाले असतील."

"तुया माका आधी सांगूक होया होतां." तिचा आवाज अजिबात चढला नाही. "आमच्या मेट्रनबाई देत होत्या मला पैसे. परवाच विचारलं त्यांनी. मी म्हटलं, नको, माझा भाऊ देतोय."

सहदेव तिच्या खुर्चीशी खाली बसला. शेवंतीने त्याच्या डोक्यावर हात ठेवला, लहानपणी ठेवत असेल तसा, आणि मग जेवून गेली. उपाशी गेली असती तर त्या दोघांना कायमचं लागलं असतं, हे तिला कळत होतं.

खोली पुढच्या नंबरवाल्याला मिळाली.

त्यानंतर माझ्या अंगावर एक पैसा खर्च झाला नाही. गुलाबी रंगाचे पापुद्रे निघाले, निघू दिले. वनमालाने गोरेगावच्या स्टुडिओतल्या कामगारांचे डबे घ्यायला सुरुवात केली. पहाटेपासून माझ्या स्वयंपाकघरात फोडण्या पडायच्या. छत काळं झालं. त्या पैशांतून दर महिन्याला शंभर रुपये जास्तीचे कर्जात जायचे. असं भरत गेलं तर पंधराऐवजी दहा वर्षांत सुटू, एवढं आता दोघांना कळत होतं. बाकीचे पैसे शेवंतीला. ती घ्यायची. नाही म्हणायची नाही, मोजायचीही नाही. तीन वर्षांत तिचे पंधराच्या पंधरा हजार फिटले.

पण तोवर भाव कुठच्या कुठे गेले होते. त्या पैशांत आता दिंडोशीला खोली सोडाच, खोलीची पागडीही येत नव्हती. सहदेवने बहिणीचे पैसे परत केले. तिची खोली मात्र त्याला परत करता आली नाही. माझ्या किमतीत तीही गेली. ती किंमत ना भाऊरावने सांगितली, ना त्या कारकुनाच्या हिशोबात आली.

या एकोणनव्वद साली शेवंती निवृत्त झाली आणि क्वार्टर्समधली जागा सोडावी लागली. सहदेव स्वतः जाऊन तिला घेऊन आला. एक ट्रंक, एक वळकटी. त्याने आधीच दारावरची पाटी बदलून घेतली होती. वर 'शेवंती मसुरकर', खाली त्याचं नाव. ती पाटीसमोर थांबली, चष्मा लावून वाचली.

"अक्षर चांगलं काढलंय," ती म्हणाली.

"अक्का, हे घर तुझं आहे."

"असू दे रे. पाटी कशाला बदललीस?" तिने चष्मा काढला. "मला फक्त एक दार हवं होतं, सहदेवा. आतून कडी लावली की बाहेरून कोणाला यायचं कारण नाही, असं."

सहदेवने तिची ट्रंक उचलून आत नेली. मला बाहेरचं दार एकच आहे, आणि त्यातून चार माणसं ये-जा करतात.

नलिनीने तिला आपली खिडकीखालची जागा दिली. ट्रंक कॉटखाली गेली. सगळी तिला जपतात. सहदेव तिच्याशी अजून जरा जास्तच मोठ्याने आणि आनंदाने बोलतो.

तुम्ही उद्या माझ्यासारखं कोणी बघायला जाल. जरूर जा, घर हवंच माणसाला. पण बिल्डरचा माणूस हप्ता सांगून थांबला की तुम्ही थांबू नका. शेवटी एकूण किती होतात ते विचारा, आणि ते कोणाकोणाच्या वाटणीचं जाणार आहे, तेही घरी बसून एकमेकांना विचारा. आणि कळल्यावर गप्प बसू नका. व्याजापेक्षा सहदेवचं गप्प बसणंच आम्हाला महाग पडलं. आम्हा घरांना खोटं बोलता येत नाही, पण खरंही सांगता येत नाही. तेवढं काम तुमचंच.

दुपारी वनमाला डबे पोचवायला जाते. सहदेव कारखान्यात असतो, नलिनी शाळेत. मग शेवंती उठते, दाराला आतून कडी लावते आणि खोलीच्या मधोमध खुर्ची टाकून बसते. काही करत नाही. वाचत नाही, विणत नाही. नुसती बसते. तेवढा वेळ मी तिचा असतो. पंख्याचा आवाजसुद्धा होऊ नये असं मला वाटतं.

मग जिन्यात वनमालाच्या रिकाम्या डब्यांचा आवाज येतो. दारावर थाप पडायच्या आधीच शेवंती उठून कडी काढते.