रुसूबाई

आकड्यांचा गठ्ठा तिने साहेबांच्या टेबलावर इतक्या जोरात आपटला, की कपातला चहा बशीत आला.

"सहावा नमुना कुठे गेला?"

साहेबांनी आधी बशी कागदांपासून लांब सरकवली. "बाई, दुपारी अहवाल पाठवायचाय. आज नको."

"आजच."

सहा माणसांच्या यकृताच्या पेशी तिने स्वतः वाढवल्या होत्या. त्यांच्यावर नवं रसायन सोडायचं, कोणती जनुकं जागी होतात ते मोजायचं, आणि आकडे संगणकाला द्यायचे. रसायन माणसाला बाधेल का, ते तो आधीच सांगणार. त्याने सांगितलं होतं, बाधणार नाही. पण त्याला पाचच माणसं दाखवली होती.

रसायन बुटांचे तळ चिकटवायच्या सोल्यूशनमध्ये जाणार होतं. चाचणीचे दोन डबे तिच्या धाकट्या बहिणीच्या कारखान्यात पोचलेसुद्धा होते. सकाळी फोनवर बहीण खुशीत होती.

"ताई, ह्याला वासच नाही गं! डोकं उठत नाही. तुमच्याकडची माणसं हुशार हो!"

त्या कौतुकाच्या भरात तिने जुने आकडे काढले, आणि सहाव्या ओळीवर बोट थांबलं. पेशींना इजा झाली की जागी होणारी जनुकं तिथे नुसती बोंबलत होती.

"पाच गप्प आणि एक बोंबलतोय," साहेब म्हणाले. "म्हणजे पेशीच बिघडलेल्या. आपली रुसूबाई!"

बाकीच्यांशी न जुळणाऱ्या नमुन्याला प्रयोगशाळेत सगळेच रुसूबाई म्हणत. तिला बाजूला बसवायचं, ही इथली रीतच होती.

"आणि कारखान्यात असं सहावं कुणी निघालं, तर? त्यालाही बाजूला बसवाल? नमुना काढला कुणी, तेवढं सांगा. त्याची आज खैर नाही."

साहेबांनी खणातून रद्द नमुन्यांचं रजिस्टर काढलं, तीन महिन्यांपूर्वीचं पान उघडलं आणि तिच्याकडे फिरवलं.

'नमुना सहा. पेशी बिघडल्या. रद्द.' शेजारी गाल फुगवलेलं एक छोटंसं तोंड. असं तोंड सबंध प्रयोगशाळेत एकटी तीच काढायची.

ती खुर्चीत बसली. मग पेन उचललं.

रजिस्टरात गिरगटायला मनाई होती. नोंद खोडायची तर एकच आडवी रेघ, खालचं वाचता यावं अशी. शेजारी सही, तारीख. तिने त्या नोंदीवर रेघ ओढली, कागद फाटेल इतकी दाबून. सही केली. गाल फुगवलेलं तोंड तसंच राहू दिलं.

'तपासले' या रकान्यात साहेबांची सही होती. तिने पेन त्यांच्यापुढे धरलं.

"आता तुम्ही."

साहेब बशीतल्या चहाकडे पाहू लागले. तिने दुसऱ्या हाताने बहिणीला फोन लावला.

"आज त्या डब्याला हात लावू नकोस."

"का गं? चांगलंय की!"

"मी सांगते म्हणून. माझं चुकलंय."

पेन धरलेला हात तिने मागे घेतला नव्हता.