हॅमरटनचा न पिळलेला स्पंज

मी एक जुना स्पंज आहे. मित्रांनो, पुढे जाण्याआधी एक खुलासा करायला हवा. तुम्ही मला वस्तू समजत असाल, पण मी प्राणी आहे, निदान होतो. ग्रीसजवळच्या समुद्रात एका खडकाला चिकटून मी चौदा वर्षं जगलो. लहान छिद्रांतून पाणी आत घ्यायचं आणि मोठ्या छिद्रांतून बाहेर सोडायचं, एवढाच माझा दिनक्रम होता. मला मेंदू नव्हता, हृदय नव्हतं, चेतातंतूही नव्हते. मग एका पाणबुड्याने मला कापलं, उन्हात वाळवलं, आणि माझा फक्त सांगाडा उरला. आज तुमच्याशी बोलतो आहे तो हा सांगाडा. त्याला आठवणी कशा, याचं स्पष्टीकरण मला देता येत नाही.

१९६३ साली इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीतल्या एका औषधाच्या दुकानातून सियोन केहिमकर यांनी मला विकत घेतलं. सियोन मूळचे अलिबागकडचे. मुंबईच्या एका इस्पितळात त्यांनी दहा वर्षं मोडलेल्या हातापायांना प्लास्टर घातलं होतं. इकडे आल्यावर आठवडाभर ते मोटारींच्या कारखान्यात फर्स्ट-एडच्या खोलीत बसत आणि शनिवारी दुपारी हौसेखातर हॅमरटन टाउन या फुटबॉल क्लबाचे ट्रेनर होत. हा क्लब फार खालच्या लीगमध्ये खेळायचा. किती खालच्या, ते सांगत नाही; त्या लीगच्या खाली फक्त शाळा होत्या.

ट्रेनरचं काम सोपं होतं. खेळाडू पडला की बादली आणि स्पंज घेऊन धावत जायचं, स्पंज पिळून त्याला थंडगार करायचं आणि उभं करायचं. पण सियोन बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले ज्यू, आणि शनिवार म्हणजे शब्बाथ, त्यांचा विश्रांतीचा पवित्र दिवस. त्या दिवशी जी कामं करायची नाहीत त्यांच्या जुन्या यादीत भिजलेली गोष्ट पिळणं हेही येतं. सियोन ही यादी थोडी सैल धरत. त्यांची बायको रिवका मात्र तशी नव्हती.

"अहो, मैदान दोन गल्ल्यांवर आहे, चालत जा," तिने पहिल्याच शनिवारी सांगितलं. "बादली दुसऱ्या कुणाला भरू दे. पण तो स्पंज पिळायचा नाही."

"पिळला नाही तर पाणी जाणार कुठं?"

"जिथं जायचं तिथं जाऊ दे. तुम्ही पिळू नका, म्हणजे झालं."

मला हातात धरलं की मी थोडासा पिळला जातोच. म्हणून सियोननी एक पद्धत काढली. ते मला बादलीतून दोन सपाट तळव्यांवर उचलत, नुकतं जन्मलेलं मूल उचलावं तसं, आणि बोटं अजिबात न मिटता मैदानभर भरभर चालत. मग पडलेल्या खेळाडूच्या मानेवर मला उपडं करत. मित्रांनो, माझ्यात माझ्या वजनाच्या वीस-पंचवीस पट पाणी मावतं. जानेवारीत त्या पाण्याचं तापमान चार अंशांच्या आसपास असायचं. इतर क्लबांचे स्पंज ओले करत. मी आंघोळ घालायचो. परिणाम असा झाला की आमचे खेळाडू सियोन पोचायच्या आत बरे होऊ लागले. आमचा सेंटर-हाफ बर्ट तर एकदा दात पडलेला असताना उठून म्हणाला, "मी ठीक आहे, सियोन. तू परत जा."

बाहेरगावच्या सामन्यांना बसने जावं लागे आणि शब्बाथला बसमध्ये बसायचं नाही, म्हणून सियोन तिकडे जात नसत. तिकडे मला कुणीही हाताळी आणि कसंही पिळी. तिथे मला काही प्रतिष्ठा नव्हती.

१९६८च्या ऑगस्टमध्ये हॅमरटनला एडवाल्दो आला. तो ब्राझीलच्या बाईया प्रांतातला, कॉफीच्या जहाजावरून लिव्हरपूलला उतरलेला आणि बंदरावरच्या एका क्लबाने पकडून ठेवलेला. हॅमरटन हा त्याचा सातवा क्लब. आधीच्या प्रत्येक ठिकाणी एकच गोष्ट घडली होती. क्लब भिंतींवर 'ब्राझीलचा जादूगार' अशी पत्रकं लावायचा. पहिल्या शनिवारी दोन हजार लोक यायचे. एडवाल्दो लेफ्ट-बॅकला, म्हणजे मागे बचावाला, उभा राहायचा, चेंडू आला की जमेल तितका लांब मारायचा आणि "सेफ" असं म्हणायचा. तिसऱ्या शनिवारी दोनशे लोक यायचे. मोसम संपला की त्याच्या हातात निरोपाचं पत्र आणि सूटकेस.

"मी त्यांना आधीच सांगतो," तो रिवकाला म्हणाला. "मी साधा बॅक आहे. ते हसतात आणि म्हणतात, किती विनम्र माणूस."

तो केहिमकरांच्या वरच्या छोट्या खोलीत भाड्याने राहू लागला होता. पहिल्या शुक्रवारी रिवकाने पुडीतल्या सुक्या खोबऱ्याचा रस काढून माशाचं कालवण केलं. त्याने एक घास खाल्ला आणि चमचा खाली ठेवला.

"तिखट झालं का रे?" तिने विचारलं.

"नाही, दोना रिवका. माझी आई असंच करते." दोना म्हणजे त्याच्या भाषेत बाईसाहेब. सहा वर्षं त्याने घरमालकिणींचा उकडलेला कोबी खाल्ला होता. त्या रात्री त्याने सूटकेस रिकामी करून पलंगाखाली सरकवली. तसं त्याने आधी कुठेच केलं नव्हतं.

सप्टेंबरात तो पहिल्यांदा पडला. पांढरा कोट घातलेले, चष्मेवाले, बुटके सियोन दोन तळव्यांवर काहीतरी पवित्र असल्यासारखं घेऊन येताना त्याने पाहिले. त्याला वाटलं, हा या देशातला काही विधी असणार. त्याने छातीवर क्रूसाची खूण केली. मग सियोननी मला उपडं केलं.

एडवाल्दो आडव्यावरून थेट हवेत गेला. खाली येताना त्याने दोन्ही पाय झाडले, खांदे हलवले, पोर्तुगीजमध्ये काहीतरी लांबलचक म्हटलं आणि पुन्हा उडाला. प्रेक्षक वेडे झाले. गावच्या वर्तमानपत्राने लिहिलं, 'अखेर ब्राझीलची लय हॅमरटनला दिसली.'

तेव्हापासून लोक वाढले. लोक त्याच्या खेळासाठी येत नव्हते, तो पडावा म्हणून येत होते. क्लबाचे चेअरमन मिस्टर प्लाट, जे पेशाने खाटीक होते, खुशीत म्हणत, "पडतो पण लगेच उठतो. टणक माल आहे." आणि एक मोसम संपल्यावर एडवाल्दोला, आयुष्यात पहिल्यांदा, दुसऱ्या मोसमाचं पत्र मिळालं.

पण तो मुद्दाम पडत नव्हता. त्याचा डावा गुडघा गेला होता. मानेवर चार अंशांचं पाणी आलं की गुडघा क्षणभर विसरता येतो, इतकंच. मी त्याच्या मानेवर शंभरदा पडलो असेन. गुडघ्यावर एकदाही नाही.

१९७०च्या एप्रिलमध्ये शेवटचा सामना घरच्या मैदानावर होता. मिस्टर प्लाट म्हणाले होते, "शनिवारी पूर्ण नव्वद मिनिटं खेळ, मग आणखी एक वर्ष तुझं." त्या गुरुवारी रिवकाने एडवाल्दोला जिना उलटा, पाठमोरा उतरताना पाहिलं.

"हे काय नवीन?"

"व्यायाम, दोना रिवका."

"मी हाडवैद्याशी लग्न केलंय. पँट वर कर."

डावा गुडघा चांगलाच सुजला होता. तो घाईने म्हणाला, "सियोनला सांगू नका. सियोनला कळलं तर त्याला क्लबाला सांगावं लागेल. मग आठवा क्लब. सूटकेस."

रिवकाने वचन दिलं नाही. तिने शुक्रवारी सूर्य मावळायच्या आत एडवाल्दोच्या फाटक्या बुटाची चामडी जीभ कापली, तिची पक्की मूठ केली आणि ती माझ्या पाठीवर जाड दोऱ्याने शिवली. मला चेतातंतू नाहीत हे त्या वेळी बरं वाटलं.

"हे काय?" सियोननी विचारलं.

"माझे आजोबा रेवदंड्याला सांगायचे. स्पंजला चामड्याची मूठ असली तर शब्बाथला त्यानं पुसायला हरकत नाही. हात मुठीवर राहतो, स्पंज पिळला जात नाही."

"हे सात वर्षांत कधी बोलली नाहीस."

"तुम्ही विचारलंत कुठं? आणि मानेवर ओतायला मूठ कशाला लागते? उद्या हाफ-टाइमला त्या मुलाचा डावा पाय पुसा. आधी बघा, मग पुसा."

मध्यंतराला सियोननी त्याचा मोजा खाली केला. प्लास्टरखात्यातली दहा वर्षं त्यांच्या बोटांत होती.

"हे कधीपासून?"

"दोन वर्षं."

"म्हणजे दोन वर्षं मी तुझ्या मानेवर पाणी ओततोय?"

"हो. मान उत्तम आहे."

सियोन हसले नाहीत. त्यांनी मला मुठीला धरून गुडघ्यावर हळूहळू फिरवलं, दहा मिनिटं. इतक्या सावकाश मी समुद्रात असतानाच काम केलं होतं. शिट्टी वाजताच एडवाल्दो त्यांनी अडवायच्या आत मैदानात उतरला.

ऐंशीव्या मिनिटाला एडवाल्दो पडला. रेफरीने खूण केली, सियोन बादली घेऊन पोचले. कठड्यापलीकडून लोक ओरडू लागले, "पाणी, सियोन, पाणी!"

"मानेवर टाक," एडवाल्दो हळूच म्हणाला. "मी उडतो. दहा मिनिटं राहिलीत. सियोन, भाई, टाक."

"गुडघा दाखव."

"सगळे बघतील."

"बघू देत."

"मला पत्र मिळणार नाही."

"आणखी दहा मिनिटं खेळलास तर तुला जिनाही मिळणार नाही," सियोन म्हणाले.

त्यांनी गुडघे टेकले, मोजा खाली केला आणि सगळ्या मैदानासमोर मला त्या सुजलेल्या गुडघ्यावर ठेवलं. ओरडा हळूहळू थांबला. मिस्टर प्लाट उभे राहिले, बघितलं, पुन्हा बसले. एडवाल्दो उडाला नाही. सियोनच्या खांद्यावर हात टाकून तो लंगडत बाहेर आला आणि त्याच्या जागी राखीव खेळाडू गेला.

सोमवारी लागलेल्या पुढच्या मोसमाच्या यादीत त्याचं नाव नव्हतं. तो तीन दिवस सियोनशी बोलला नाही. पलंगाखालून सूटकेस ओढल्याचा आवाज खाली स्वयंपाकघरात ऐकू आला. सियोन चहा ढवळत राहिले, साखर न घातलेला.

चौथ्या दिवशी रिवका वर गेली. "बाहेरगावच्या मॅचना ट्रेनर कोण असतं?" तिने दारातूनच विचारलं.

"कुणी नाही. सियोन बसमध्ये बसत नाही."

"तू बसतोस का?"

त्याने सूटकेसकडे पाहिलं. "शनिवारी मला बस चालते," तो म्हणाला.

मिस्टर प्लाटना पटवायला दोन दिवस लागले. ऑगस्टपासून आम्ही दोघं दर पंधरा दिवसांनी बसने जाऊ लागलो. एडवाल्दो कॅथलिक, मला हवं तसं पिळायला त्याला कुणाचीच आडकाठी नव्हती. पण सियोनकडे पाहून त्याची खात्री झाली होती की खरी शास्त्रीय पद्धत तीच. तो मूठ असूनही मला दोन सपाट तळव्यांवर घेऊन मैदानात शिरे. दुसऱ्या गावांच्या ट्रेनरनी कारण विचारलं की तो गंभीरपणे सांगे, "मुंबईच्या इस्पितळातली मेथड आहे." दोन वर्षांत त्या लीगमधले पाच ट्रेनर तळव्यांवर स्पंज वाहू लागले. सियोनच्या कानावर हे आलं, पण त्यांनी रिवकाला सांगितलं नाही.

एक गोष्ट मात्र एडवाल्दोने स्वतःची घातली. खेळाडूपाशी पोचला की तो मला लगेच उपडं करत नसे. आधी तो जड पाय सांभाळत चिखलात बसे आणि काहीतरी विचारे. त्यात वेळ जाई, रेफरी चिडत, प्रेक्षक शिट्या मारत. सियोन आणि रिवकाच्या त्या घरात तो १९७७ पर्यंत राहिला, पुढे शेजारच्याच गल्लीत.

त्याच सुमाराला दुखरी जागा बधिर करणाऱ्या थंड फवाऱ्याचे डबे आले आणि माझं काम संपलं. आता मी केहिमकरांच्या न्हाणीघरात खिडकीशी असतो. मित्रांनो, माझ्यासारखा स्पंज तुमच्या घरी असला तर त्याला उकळू नका, सावलीत वाळवा, एवढं पुरे. माझी दुसरी विनंती स्पंजांबद्दल नाही. कुणी पडलेलं दिसलं तर त्याला उभं करायची घाई करू नका. शेजारी बसा आणि कुठे दुखतंय ते विचारा. उत्तर लगेच येईलच असं नाही. एडवाल्दोला सात क्लब लागले.