माझ्या अंगाला लागलेलं वाक्य

मी खोडरबर बोलतोय. नखाएवढा उरलोय म्हणून हसू नका. नवा होतो तेव्हा चांगला जाडजूड, पांढराशुभ्र होतो.

माझ्या मालकीणबाई संशोधन करतात. शरीराच्या ज्या ओढीबद्दल माणूस सख्ख्या भावाकडेही तोंड उघडत नाही, तसली ओढ असलेली माणसं इंटरनेटवर एकमेकांना शोधून गट करतात. तिथे त्यांना आधार किती मिळतो आणि घात किती होतो, ते बाई पेन्सिलीने वहीत उतरवतात. मग माझं काम. मूळ शब्द खोडायचे, अर्थ तोच ठेवून दुसरे लिहायचे. जसंच्या तसं वाक्य छापलं, तर कुणीही ते शोधून त्या माणसाच्या दारात उभं राहील ना!

एकदा चष्म्याचा दुकानदार मुलाखतीला आला. खुर्चीच्या कडेवर टेकला आणि आपल्या चष्म्याच्या आधीच स्वच्छ असलेल्या काचा पुसत बसला. गटात त्याने लिहिलेलं वाक्य वहीत होतं : 'बाईच्या सँडलवर माझं शरीर जीव टाकतं, आणि मला माझीच भीती वाटते.'

गटाने आधी त्याला जवळ केलं. मग गटातले म्हणाले, शेजारणीची सँडल उचल, फोटो टाक. याने टाकला. मग म्हणाले, आणखी आण, नाहीतर बायकोला कळवतो.

बाईंनी मला उचललं तसा तो कळवळला. "नका हो खोडू. जन्मात एकदाच खरं बोललोय."

"छापलं तर लोक तुम्हाला शोधून काढतील."

"मग ठेवू कुठे ते?"

बाईंनी मला त्याच्या हातात दिलं. "वाक्य तुमचं. तुम्हीच ठरवा."

त्याने खोडलं. भिंग पुसावं तसं, हलक्या हाताने. आणि गडबडीत मला खिशात घालून घरी गेला. या वेळी मात्र चुकून हं!

बायको भाजी चिरत होती. याने उभ्या उभ्याच ते वाक्य म्हणून टाकलं. खिशात मला त्याच्या छातीचे ठोके बसत होते. तिने सुरी खाली ठेवली.

"अहो, आणि मी वर्षभर समजतेय, दुसरी बाई आहे!" हसली, मग डोळे पुसले. मग तिचा आवाज बदलला. "शेजारच्या वहिनींची सँडल... तुम्ही?"

"हो."

"ती बिचारी घाबरून दोन-दोन कड्या लावते. चला, देऊन येऊ."

"तू येशील?"

"दारापर्यंत. बोलायचं तुम्ही."

तो बोलला. वहिनींनी ऐकून घेतलं. सँडल घेतली नाही, माफही केलं नाही. पण दार लागल्यावर आतून एकच कडी वाजली.

गटाकडे आता कळवण्यासारखं काही उरलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी त्याने मला आणून टेबलावर ठेवलं.

ते वाक्य वहीत नाही. माझ्या भुग्यात होतं, तोही बाईंनी फुंकून टाकला. मीही आता चार दिवसांचा सोबती. एवढंच मागतो : घरात कुणी अडखळत काही सांगू लागलं, तर हातातली सुरी खाली ठेवा. माझ्यासारख्यांचं अंग तेवढंच कमी झिजेल.